दात भाचीचा, भविष्य मामाचं

माझ्या मुलीला पहिले दोन दात वर आले. सातव्या महिन्यात, एका दुपारी मऊ भात भरवताना चमच्याला टक्कन काहीतरी लागलं. मी आनंदाने आईला हाक मारली. तिने हिरडीवरून बोट फिरवलं, "खालचे नाहीत?" एवढंच विचारलं आणि आत गेली. थोड्या वेळाने फोनवरचं तिचं बोलणं कानावर आलं. नाशिकला माझ्या भावाला ती सांगत होती, महिनाभर मोटरसायकल काढू नकोस.

वरचे दात आधी आले की मामाला जड, हे आपल्याकडे अजून ऐकू येतं. आईला मात्र ते नुसतं ऐकून ठाऊक नव्हतं. तिचेही वरचेच आधी आले होते, आणि ती दोन वर्षांची असताना तिचा मामा नदीच्या पुरात गेला. तिच्या आजीने, म्हणजे त्या मामाच्या आईने, पुढे तिला कधी मांडीवर घेतलं नाही. आईचे लहानपणचे तीनच फोटो आहेत; तिन्हींत तोंड घट्ट मिटलेलं. हसताना पदर आजही ओठांवर जातो.

खालचे दात साधारण सहाव्या महिन्याच्या सुमारास आधी येतात, पण क्रम मागेपुढे होतो आणि त्यात काही बिघडत नाही, हे डॉक्टरांनी सांगितलं. आईने मान डोलावली. फोन मात्र रोज चालू राहिला. मग मी दातांवरून भविष्य सांगणाऱ्या जुन्या मंडळींच्या मागे लागले.

सुरुवात वराहमिहिरापासून केली. सहाव्या शतकातल्या त्याच्या 'बृहत्संहिते'त पुरुषाचे दात स्निग्ध, दाट आणि सारखे असले की शुभ. मुलीचे दात मात्र कुंदकळ्यांसारखे पांढरे आणि एकसारखे हवेत, कारण त्यातून नवऱ्याला सुख मिळायचं असतं! वेडेवाकडे, भीतिदायक दात क्लेश आणतात, हिरडी काळी असेल तर चोरी. याच ग्रंथात दातवणाच्या काडीवरही एक प्रकरण आहे. चावून टाकलेली काडी उभी राहिली तर फार उत्तम. उभी राहून मग पडली, तर चविष्ट जेवण मिळणार. हे भविष्य मला सगळ्यांत आवडलं. निदान ते ज्याचं दातवण त्याचंच आहे.

दीघनिकायातल्या लक्खणसुत्तात तर दिशाच उलटी आहे. महापुरुषाच्या बत्तीस लक्षणांत चार दातांची: चाळीस दात, सारखे दात, फटी नसलेले दात, शुभ्र सुळे. (नवजात सिद्धार्थाची लक्षणं पाहणाऱ्या असितमुनींनी चाळीस दात कसे मोजले असतील, हा प्रश्न मला सुटलेला नाही.) पण ही लक्षणं का मिळतात, याचं सुत्तातलं उत्तर थांबायला लावतं. ज्याने मागच्या जन्मांत चहाड्या करून माणसांत फूट पाडली नाही, त्याचे दात चाळीस आणि त्यांत फट नाही. इथे दात वाचायचा तो त्याच्या धन्याने काय केलं हे कळण्यासाठी. मामाचं काय होणार यासाठी नव्हे.

रोमन लेखक प्लिनीने पहिल्या शतकात उपजत दात असलेल्यांची नोंद केली आहे. असे दात काही हजार जन्मांत एखाद्या बाळाला असतात. बहुतेकदा ते नेहमीचेच दुधाचे दात, नुसते लवकर आलेले. प्लिनी सांगतो, मानियुस कुरियुस जन्मला तो दात घेऊनच, म्हणून त्याला 'देंतातुस', म्हणजे दातवाला, हे नाव पडलं. हा पुढे मोठा सेनापती झाला. इसवी सनापूर्वी 275 मध्ये त्याने पिऱ्हसला रोखलं. मुलींच्या बाबतीत मात्र तेच दात अशुभ. राजेशाहीच्या काळात व्हॅलेरिया नावाची मुलगी अशी जन्मली, तेव्हा शकुन पाहणारे म्हणाले, हिला ज्या नगरात न्याल त्याचा नाश होईल. मग रोमकरांनी काय करावं? त्यांनी तिला सुएस्सा पोमेशियाला पाठवून दिलं. त्या वेळी भरभराटीला आलेलं शहर होतं ते. भाकीत खरं ठरलं, असं प्लिनी नोंदवतो. एखाद्या बाळाला शेजाऱ्यांच्या घरावर विंचवासारखं सोडावं, तसा हा प्रकार.

इंग्लंडच्या तिसऱ्या रिचर्डचे दात तर तो मेल्यावर उगवले. जॉन राउस या लेखकाने रिचर्ड राजा असताना त्याची स्तुती केली होती. 1485 मध्ये रिचर्ड लढाईत पडला, सत्ता बदलली, आणि त्याच राउसने लिहिलं की हा दोन वर्षं गर्भात होता आणि दात घेऊन जन्मला. 2012 मध्ये लेस्टरच्या एका वाहनतळाखाली रिचर्डचा सांगाडा सापडला. लहानपणी प्यालेल्या पाण्याची आणि खाल्लेल्या अन्नाची खूण दातांत राहते; त्यावरून तो सातेक वर्षांचा होईपर्यंत जन्मस्थानाचा भाग सोडून पश्चिमेकडे गेला होता, असं दिसलं. दात वाचता येतात ते असे. आईच्या दातांतही तिच्या गावच्या नदीचं पाणी असणार.

हे सगळं मी आईला सांगितलं. मुलीला खालचे दोन दात आलेले होते, भाऊ धडधाकट होता, मोटरसायकल पुन्हा बाहेर निघाली होती. दातवणाच्या गोष्टीला ती हसली. व्हॅलेरियाची गोष्ट तिने पुन्हा सांगायला लावली.

"मग त्या पोरीचं पुढं काय झालं?"

प्लिनीने शहराचं काय झालं तेवढं लिहिलंय, मी म्हटलं. मुलीबद्दल पुढे एक शब्द नाही.

"नसणारच," आई म्हणाली आणि नातीला मांडीवर घेतलं.