रस्ता कोणी कोणास द्यावा ?

अरुंद वाटेवर दोघे समोरासमोर आले तर बाजूस कोणी व्हावें, हा प्रश्न वाटेइतकाच जुना आहे. हल्लीं मोठ्या शहरांत त्याचें एक उत्तर रस्त्यावर जाड रेघ ओढून आणि शेजारीं पाटी लावून दिलेलें असतें. रेघेच्या अलीकडे इतर वाहनांनीं चालावें, पलीकडचा पट्टा बसगाड्यांसाठीं राखलेला आहे, एवढेंच त्या पाटीचें सांगणें. अशा नियमाचा विचार वाहतुकीच्या खात्यानें करावा, इतिहासाच्या अभ्यासकानें त्यांत डोकें घालण्याचें कारण नाहीं, असें पुष्कळांस वाटेल. परंतु मला हा नियम तितका साधा वाटत नाहीं. रस्त्यावरचा अग्रहक्क कशावरून ठरवावा या फार जुन्या वादांतील हा अगदीं अलीकडचा निकाल आहे. आणि आपल्या देशांत तो अद्याप पुरता मानला गेलेला नाहीं.

मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायांत वाट कोणास द्यावी याची यादीच दिलेली आहे. रथांत बसलेला, नव्वदी ओलांडलेला वृद्ध, रोगी, ओझें वाहणारा, स्त्री, स्नातक, राजा आणि लग्नास निघालेला वर, यांस इतरांनीं वाट सोडावी. हे सर्व एकाच वेळीं एकत्र आले तर स्नातक व राजा यांचा मान मोठा, आणि त्या दोघांत राजानें स्नातकास वाट द्यावी. या यादींत दोन निरनिराळीं तत्त्वें एकमेकांशेजारीं बसविलेलीं आहेत. वृद्ध, रोगी व भारवाही यांस वाट मिळते ती त्यांच्या अडचणीमुळें. राजास व स्नातकास मिळते ती त्यांच्या योग्यतेमुळें. रथांत बसलेल्यास ती रथ वळविणें अवघड म्हणून मिळते, कीं रथ थोराघरचा म्हणून, याचें उत्तर वाचकानें आपल्या मनाशींच द्यावें. आजचा मोटारवाला बहुधा पहिलें कारण बोलून दाखवितो व दुसरें मनांत ठेवितो !

कौटिल्याची दृष्टि वेगळी आहे. तो माणसाची योग्यता विचारीत नाहीं, वाटेचा उपयोग विचारतो. त्याच्या अर्थशास्त्रांत रथाची वाट पांच अरत्नि रुंद, जनावरांची चार, आणि लहान जनावरें व माणसें यांची दोन, अशीं मापें सांगितलेलीं आहेत; म्हणजे ज्याची त्याची वाट वेगळी आंखण्याची कल्पना आपणांस परकी नव्हे. त्याहून लक्षांत घेण्यासारखी आहे ती दंडांची चढती श्रेणी. माणसांची वाट अडविणारास बारा पण, मोठ्या जनावरांची अडविणारास चोवीस, असें वाढत वाढत मोठ्या नगराकडे व राष्ट्रांत जाणारी वाट अडविणारास हजार पण दंड आहे. एका वाटेवर जितक्यांचा व्यवहार अवलंबून, तितका ती अडविण्याचा गुन्हा मोठा, असा या हिशेबाचा अर्थ मी लावतों.

रोमन लोकांनीं जागेऐवजीं वेळेची वांटणी केली. इ. स. पू. ४५ च्या सुमाराच्या ज्या कायद्याचें नांव ज्युलियस सीझरशीं जोडलें जातें, त्यानें सूर्योदयापासून दिवसाच्या दहाव्या तासापर्यंत रोम शहरांत चाकाच्या गाड्या आणण्यास बंदी केली. लगेच अपवादही आले : देवळांच्या बांधकामाचें सामान, व्हेस्टा देवीच्या पुजारिणींचीं वाहनें, विजयी सेनापतीची मिरवणूक. बंदीचें वाक्य आटोपशीर, आणि पोटांतील अपवाद मात्र लांबच लांब, असा हा मजकूर आहे, आणि वाहतुकीच्या कायद्यांची ही घडण दोन हजार वर्षांत बदललेली दिसत नाहीं. दिवसा थोपविलेल्या गाड्या रात्रीं खडखडत आल्या, आणि रोममध्यें झोंप मिळावयास श्रीमंतच असावें लागतें अशी तक्रार करण्याची पाळी पुढें जुव्हेनल कवीवर आली.

आतां एकदम आपल्या काळाकडे येऊं. शहरांतील सार्वजनिक वाहनास स्वतःची वाट प्रथम मिळाली ती कोणाच्या न्यायबुद्धीनें नव्हे, लोखंडानें मिळाली. ट्रामला रूळ सोडून वळतां येत नाहीं. म्हणून रुळांवर आडवा आलेला टांगेवाला असो कीं लक्षाधीश असो, त्यास बाजूस व्हावेंच लागे. पुढें ट्रामगाडी जुनाट ठरली. पॅरिस शहरांतून ती १९३७ मध्यें गेली, लंडनमधून १९५२ मध्यें, आणि १८७४ पासून घोड्यांच्या व १९०७ पासून विजेच्या बळावर चाललेली मुंबईची ट्राम ३१ मार्च १९६४ रोजीं बंद झाली. तिच्या जागीं बस आली. बसला कोठेंही वळतां येतें हा तिचा मोठा गुण म्हणून वाखाणला गेला. पण जिला वळतां येतें तिला कोणीही वळवितो, ही त्या गुणाची दुसरी बाजू कोणाच्या ध्यानांत आली नाहीं. साठ माणसें घेऊन निघालेली बस एकएकट्या माणसांच्या मोटारींच्या मागें मुकाट्यानें उभी राहूं लागली.

मुंबईनें आपली ट्राम ज्या वर्षीं मोडीत काढली त्याच वर्षाच्या जानेवारीच्या १५ तारखेस पॅरिसमध्यें सेन नदीच्या कांठीं, लूव्र राजवाड्यालगतच्या रस्त्यावर, बसगाड्यांसाठीं पट्टा राखण्यांत आला. लंडननें २६ फेब्रुवारी १९६८ रोजीं व्हॉक्सहॉल पुलावर तसेंच केलें. लोखंडाचें काम आतां रंगावर सोंपविलें गेलें. रूळ कोणास मोडतां येत नाहीं. रेघ ज्यास त्यास ओलांडतां येते. म्हणून येथून पुढचा इतिहास हा बहुतांशीं मोटार चालविणाराच्या मनाचा इतिहास आहे.

ब्रिटनमध्यें त्याच्यासाठीं नियम आहेत ते थोडक्यांत असे. पाटीवर ज्या वेळा लिहिल्या असतील त्या वेळांत पट्ट्यांत शिरावयाचें नाहीं. वेळ लिहिलेलीच नसेल तर बंदी आठही प्रहर समजावयाची. वेळ संपल्यावर मात्र पट्टा सर्वांचा. सायकली, टॅक्सी वगैरेंस मुभा असल्यास तसें पाटीवरच दाखविलेलें असतें. जेथें मनाई नाहीं तेथें माल चढविण्या-उतरविण्यापुरतें थांबतां येतें. पुष्कळ ठिकाणीं चौकाच्या थोडा अलीकडेच पट्टा संपवितात, म्हणजे डावीकडे वळणाऱ्या मोटारींस वाट मिळते आणि हिरव्या दिव्याचा वेळ फुकट जात नाहीं. हें शेवटचें कलम करणाऱ्यास रस्ता खरोखर कळत होता असें म्हटलें पाहिजे. पट्टा जेथें संपवावयाचा तेथें तो संपविण्याचें शहाणपण सगळीकडे आढळत नाहीं.

रोमप्रमाणें येथेंही भांडण झालें तें अपवादांवरून. लंडनच्या पुष्कळशा पट्ट्यांत काळ्या टॅक्सीस प्रवेश आणि फोनवरून ठरवावयाच्या भाड्याच्या मोटारीस मज्जाव. हा भेद कशासाठीं, असा प्रश्न थेट युरोपीय संघाच्या न्यायालयापर्यंत गेला. असा भेद केल्यानें एका धंद्यास सरकारी मदत दिली असें सकृद्दर्शनीं होत नाहीं, असें त्या न्यायालयानें १४ जानेवारी २०१५ रोजीं सांगितलें. मला स्वतःला या प्रकरणांत मौज वाटते ती ही कीं, पट्टा ज्यांच्यासाठीं आंखला त्या बसमधील उतारूंचें नांव या वादांत क्वचितच ऐकूं आलें.

या नियमाच्या वाटेंतील खरी अडचण डोळ्यांची आहे. समजा, एका पट्ट्यांतून दर मिनिटास एक बस जाते व तींत पन्नास माणसें आहेत. तासास तीन हजार माणसें गेलीं. शेजारच्या पट्ट्यांतून, सिग्नलांवर थांबत थांबत, तासास आठशें मोटारी जातात व दोन मोटारींत मिळून तीन माणसें आहेत असें धरूं. बाराशें माणसें गेलीं. परंतु पहिला पट्टा मिनिटांतील बहुतेक वेळ मोकळा दिसतो आणि दुसरा सदोदित भरलेला. मोटारींत अडकून बसलेल्या मनुष्यास शेजारचा मोकळा रस्ता दिसतो, तींतून गेलेलीं माणसें दिसत नाहींत. जो पट्टा आपलें काम चोख करतो तोच रिकामा व उधळपट्टीचा वाटावा, असा हा दृष्टिभ्रम आहे. लोकांनीं निवडून दिलेल्या मंत्र्यांसही तो होतो. हीथ्रो विमानतळाकडून लंडनकडे येणाऱ्या एम-४ या महामार्गावर १९९९ मध्यें सुमारें साडेतीन मैलांचा असा पट्टा करण्यांत आला. सरकार बदललें आणि २०१० च्या अखेरीस तो स्थगित झाला. त्यानंतर २०१२ च्या ऑलिंपिक सामन्यांसाठीं लंडनच्या रस्त्यांवर पुन्हां पट्टे राखले गेले, पण ते खेळाडू, अधिकारी व निमंत्रित पाहुणे यांच्यासाठीं. लंडनच्या वर्तमानपत्रांनीं त्यांस 'झिल पट्टे' असें नांव दिलें. मॉस्कोंत सोव्हिएट अमलांत रस्त्याचा मधला भाग पुढाऱ्यांच्या झिल गाड्यांसाठीं मोकळा ठेवीत, त्यावरून. राखीव पट्टा एकच. तो संख्येसाठीं राखला तर डोळ्यांत खुपतो, पदासाठीं राखला तर खुपूनही निमूटपणें पाळला जातो.

ब्राझिलमधील कुरिचिबा शहरानें १९७४ पासून हा दृष्टिभ्रम टाळण्याची युक्ति काढली. जेम लर्नर या वास्तुशास्त्रज्ञ नगराध्यक्षाच्या योजनेंत मुख्य रस्त्याचा मध्यभाग बसला दिला, वेगानें जाणाऱ्या मोटारींस दोन्ही बाजूंचे एकदिशा रस्ते दिले, आणि उंच इमारतींस परवानगी मुख्यतः त्याच रस्त्यांलगत दिली. तेव्हां बसच्या वाटेवर राहणारांचीच संख्या वाढली, व पट्ट्यास मालक मिळाले. कोलंबियाच्या बोगोटा शहरानें डिसेंबर २००० मध्यें हाच कित्ता मोठ्या प्रमाणावर गिरविला.

हा कित्ता आपल्याकडे आला तो पुण्यास. केंद्र सरकारनें २००६ मध्यें जें नागरी वाहतुकीचें धोरण ठरविलें त्यांत वाहनांपेक्षां माणसांची ने-आण महत्त्वाची, असें तत्त्व मान्य केलें होतें, आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरांत कात्रज, स्वारगेट व हडपसर यांस जोडणाऱ्या रस्त्यावर देशांतील पहिली चांचणी सुरू झाली. पुणेकरांच्या तोंडीं 'बीआरटी' हा शब्द बसला तो तेव्हांपासून, आणि बसला तो बहुधा शिवीसारखा. दोष नव्हते असें नाहीं. थांबे रस्त्याच्या मधोमध. तेथपर्यंत पोंचण्यास म्हाताऱ्याकोताऱ्यांस वाहत्या रहदारींतून पलीकडे जावें लागे. पट्टा सलग नव्हता. ज्या चौकांत बसला त्याची गरज सर्वांत अधिक, नेमका तेथें तो संपे. आणि मुख्य म्हणजे बसगाड्या पुरेशा नव्हत्या. वर सांगितलेला हिशेब दर मिनिटास बस आली तरच जुळतो. दहा मिनिटांत एकही बस दिसली नाहीं तर दुचाकीवाल्यानें पट्ट्यांत चाक घातलें याचा राग तरी किती धरावा? परंतु यावरून निघतें तें एवढेंच, कीं रेघ आधीं आली व बस मागाहून यावयाची होती. पिंपरी-चिंचवडमध्यें २०१५ पासून जे पट्टे झाले ते अधिक विचारानें बांधले गेले. पुण्याच्या नगर रस्त्यावरचा पट्टा मात्र २०१६ मध्यें सुरू होऊन थोड्याच वर्षांत मोडण्यांत आला. मोटारींस त्यामुळें किती मिनिटें मिळालीं याची चर्चा झाली. बसच्या उतारूंचीं किती गेलीं याची चर्चा मला फारशी ऐकूं आली नाहीं.

दिल्लींत हा वाद न्यायासनापुढें आला. आंबेडकर नगर ते मूलचंद हा ५.८ किलोमीटरांचा मार्ग २००८ च्या एप्रिलांत सुरू झाला आणि पहिल्या दिवसापासून त्याच्यावर टीकेची झोड उठली. सिग्नलांवर फार वेळ खोळंबावें लागे ही तक्रार खरी होती. पण उच्च न्यायालयांत जो अर्ज झाला त्यांत एक युक्तिवाद असा होता, कीं मोटारींतून जाणारे लोक हे संपत्ति निर्माण करणारे आहेत, तेव्हां त्यांचा वेळ अधिक मोलाचा. मनुस्मृतींतील राजाच येथें वकीलपत्र देऊन उभा राहिला म्हणावयाचा. फरक इतकाच, कीं त्या राजास स्नातकापुढें तरी बाजूस व्हावें लागे. न्यायालयानें ऑक्टोबर २०१२ मध्यें अर्ज फेटाळला. रस्ता माणसांचा, मोटारींचा नव्हे, ही दृष्टि त्या निकालांत स्वच्छ दिसते, आणि आपल्या रस्त्यांच्या इतिहासांत तो निकाल मी फार महत्त्वाचा समजतों. परंतु न्यायालयांत टिकलेला तो मार्ग राज्यकर्त्यांपुढें टिकला नाहीं. २०१६ मध्यें दिल्ली सरकारनें तो उखडून टाकला.

त्याच दिल्लींत १ एप्रिल २०२२ पासून निवडक रस्त्यांवर बससाठीं पुन्हां पट्टे नेमून दिले गेले. या वेळीं नियमाचा पहिला रोंख मोटारवाल्यावर नव्हता, बस हांकणारावरच होता : बस व मालाच्या गाड्या यांनीं डावीकडचा नेमलेला पट्टा सोडूं नये, सोडल्यास दहा हजार रुपयांपर्यंत दंड, प्रसंगीं कैदही. त्यांच्या जोडीस त्या पट्ट्यांत उभ्या केलेल्या मोटारी उचलून नेण्याचा हुकूम निघाला. मध्यभाग सोडून पट्टा कडेला नेला म्हणजे उतारूंस रस्ता ओलांडावा लागत नाहीं, ही सोय झाली. पण आपल्याकडे रस्त्याची डावी कड ही रिक्षांची, हातगाड्यांची आणि दुकानापुढें उभ्या ठेवलेल्या मोटारींची. तेव्हां धांवत्या मोटारीशीं चाललेलें बसचें भांडण मिटण्याआधींच उभ्या मोटारीशीं दुसरें सुरू झालें आहे.