आगाशिवचा लेख आणि ऑर्कुटची कम्युनिटी

१/ मलकापूर (ता. कराड, जि. सातारा) शहराजवळच्या आगाशिव डोंगरात ६० हून अधिक बौद्ध लेणी आहेत. त्यांतील एका ब्राह्मी लेखात, गोपालाचा पुत्र संघमित्र याने लेणे दान दिल्याची नोंद आहे. सुमारे १८०० वर्षांनंतरही ते नाव वाचता येते. मात्र २००८ साली तरुणांनी ऑर्कुटवर लिहिलेले बहुतेक सारे आज वाचता येत नाही. असे का झाले?

२/ गूगलने जानेवारी २००४ मध्ये ‘ऑर्कुट’ सुरू केले. त्याला नाव मिळाले ते निर्माता ऑर्कुट ब्युक्कोक्तेन याचे. आरंभी निमंत्रणाशिवाय प्रवेश नव्हता. पुढे ते ब्राझील व भारतात सर्वाधिक रुजले.

३/ सायबर कॅफेत तासाचे पैसे मोजून मित्राच्या वहीत ‘स्क्रॅप’ लिहायचा, ‘टेस्टिमोनियल’ची वाट पाहायची, असा तो काळ. देवनागरी टंकन अवघड असल्याने मराठी पुष्कळदा रोमन लिपीत उमटे. गाव, महाविद्यालय, गडकिल्ले अशा विषयांवर ‘कम्युनिटी’ उभ्या राहिल्या.

४/ ३० सप्टेंबर २०१४ रोजी ऑर्कुट बंद झाले. आपापली छायाचित्रे व स्क्रॅप उतरवून घेण्यास सप्टेंबर २०१६ पर्यंत मुदत होती. ज्यांनी ती पाळली, त्यांचे खासगी संचित वाचले.

५/ कम्युनिटीतील चर्चा मात्र कुणा एकाची नव्हती. ५ कोटी १० लाख कम्युनिटी आणि १२ कोटी विषयांचा सार्वजनिक संग्रह गूगलने काही काळ खुला ठेवला. २०१७ मध्ये तोही काढून घेतला गेला.

६/ हे अटळ होते काय? याहूने ऑक्टोबर २००९ मध्ये ‘जिओसिटीज’ बंद केले, तेव्हा ‘आर्काइव्ह टीम’च्या स्वयंसेवकांनी मुदतीपूर्वी धावपळ करून असंख्य पाने उतरवली आणि २०१० मध्ये ती सर्वांना खुली केली. कुणीतरी वेळेवर भार उचलला, म्हणून ती उरली.

७/ संघमित्राने लेणे दिले आणि दान कुणाचे, तेही दगडात कोरले गेले. ऑर्कुटवर लिहिणाऱ्यांची जागाच परक्याची होती, आणि नोंद जपण्याचे काम कुणाकडेच नव्हते.

८/ आजही गडांची टिपणे व वीरगळांची छायाचित्रे अशाच परक्या जागेत साठत आहेत. त्यांची एक प्रत स्थळ, दिनांक आणि टिपणकाराच्या नावासह गावच्या ग्रंथालयात ठेवता येते. ते काम जागा बंद होण्यापूर्वीच करावे लागते.