बालभाषेचा अभ्यास आणि हाताची खूण

बालभाषेच्या अभ्यासाचा इतिहास हा बहुतांशी बालकाच्या पहिल्या शब्दाचा इतिहास होऊन बसला आहे. वस्तुतः पहिला शब्द उमटण्याच्या सुमारास, आणि पुष्कळदा त्याच्याही आधी, मूल बोट दाखविते, घेण्यासाठी हात पसरते, नको म्हणून मान फिरविते. करपल्लवी, नेत्रपल्लवी हे शब्द मराठीस नवे नाहीत; भरताच्या नाट्यशास्त्रानेही वाचिकाबरोबर आंगिक अभिनय मानला आहे. असे असता बालकाची खूण भाषेच्या उंबरठ्याबाहेर का राहिली, याचा विचार प्रस्तुत लेखात कर्तव्य आहे.

आरंभी ती बाहेर नव्हती. डार्विनने 1839 साली जन्मलेल्या आपल्या थोरल्या मुलाविषयी केलेल्या नोंदी 1877 साली ‘माइंड’ या नियतकालिकात प्रसिद्ध केल्या. त्यांत रडणे, मुद्रा, हावभाव, स्वरांचे चढउतार, स्वतः घडविलेले शब्द आणि शेवटी अनुकरणाने घेतलेले शब्द अशी संज्ञापनाची साखळी त्याने मांडली आहे. वर्षाच्या त्या मुलाने अन्नासाठी घडविलेला शब्द ‘मम्’ असा होता. मराठी वाचकास येथे आपल्या घरातील ‘मम्म’ आठवल्यावाचून राहणार नाही. पुढे वुंटने 1900 साली बोट दाखविण्याचा उगम वस्तू धरू पाहणाऱ्या हाताच्या क्षीण झालेल्या हालचालीत शोधला.

मात्र वर्णनात्मक भाषाविज्ञानाने ‘भाषा म्हणजे उच्चारित ध्वनी’ ही मर्यादा स्वीकारताच खुणेचे स्थान डळमळले. उच्चार लिहिण्यास ध्वनिलिपी होती. हात लिहिण्यास तसे सर्वमान्य साधन नव्हते. हॉकेटने 1960 साली भाषेच्या लक्षणांत मुख व श्रवण यांच्या मार्गास अग्रस्थान दिले. त्याच वर्षी स्टोकीने अमेरिकेतील बधिरांच्या हस्तभाषेची रचना उलगडून त्या मर्यादेस धक्का दिला, हा योगायोग लक्षणीय आहे.

मराठी बालशब्द जागतिक चर्चेत आले ते याच काळात. 1964 साली अशोक रा. केळकर यांचा मराठी बालबोलीवरील लेख ‘वर्ड’मध्ये आला, त्याच वर्षी फर्ग्युसनने सहा भाषांतील बालबोलींची तुलना केली, त्यांत मराठी होती. बालबोली ही मुलाची निर्मिती नसून वडीलधाऱ्यांनी परंपरेने चालविलेली बोली आहे, हे फर्ग्युसनचे मुख्य प्रतिपादन. तेच सूत्र खुणांनाही लागू पडते. ‘टाटा कर’, ‘जयजय कर’, ‘टाळी दे’, ‘पापा दे’ या प्रयोगांत मुलाकडून उच्चाराची अपेक्षा नसते. अपेक्षा असते ती कृतीची. आई शब्द उच्चारते आणि मुलाचे हात धरून ते जोडते. अर्थात आपण जी शब्दांची यादी समजतो ती काही अंशी खुणांचीही यादी होय.

उत्तरकालीन संशोधनाने या विचारास आधार दिला. बेट्स, कामायोनी व व्होल्टेरा यांनी 1975 साली दाखविले की, मूल बोट दाखविते ते केवळ मागण्यासाठी नव्हे. ‘हे पाहा’ असे सांगण्यासाठीही. आयव्हर्सन व गोल्डिन-मेडो यांच्या 2005 सालच्या दहा मुलांच्या अभ्यासात पुष्कळ वस्तूंचा निर्देश आधी खुणेने व मग शब्दाने झाला. शब्द व खूण यांची जोडणीही दोन शब्दांच्या वाक्यापूर्वी आली.

सोलापूरसारख्या नगरात हा प्रश्न केवळ शास्त्रीय राहत नाही. येथे मराठी, कन्नड, तेलुगू व दखनी शेजारी नांदतात. विणकर वस्तीतील तेलुगू घरात अन्नास ‘बुव्व’, तर शेजारच्या मराठी घरात ‘मम्म’. दोन्ही शब्द कानी पडणाऱ्या मुलाचे शब्द एकाच भाषेत मोजले, तर ते विनाकारण मागे पडलेले दिसेल. तोंडाशी नेलेला हात मात्र दोन्ही घरांत कळतो. तथापि सर्वच खुणा सार्वत्रिक नव्हेत: एका घरी हात जोडावयास शिकवितात, दुसऱ्या घरी सलाम करावयास. खूणही संस्कारच आहे.

म्हणून बालभाषेची नोंद करणाऱ्याने शब्दाबरोबर खूण, तिची तारीख, मुलाची नजर आणि समोरची व्यक्ती यांचीही नोंद ठेवावी. एक सावधगिरी मात्र आवश्यक आहे. खुणा करणाऱ्या मुलास ऐकू येतेच असे नाही. आवाजास प्रतिसाद नसेल तर श्रवणाची तपासणी लांबणीवर टाकू नये. त्याचप्रमाणे दीड वर्षाचे मूल काहीच बोटाने दाखवीत नसेल, तर तेही तज्ज्ञाच्या नजरेस आणावे. हातांकडे पाहण्याची सवय आपल्या शास्त्रास पुन्हा लागली, तर मुलाचे मूल्यमापन अधिक न्याय्य होईल.