नदी एक, खाती अनेक

मुंबईतील सांताक्रूझच्या वेधशाळेत चोवीस तासांत 944 मिलिमीटर पाऊस नोंदवला गेला त्या 26 जुलै 2005 च्या प्रलयात कुर्ला, कलिना, वांद्रे हा सारा टापू बुडाल्यावर महाराष्ट्र शासनाने महिनाभराच्या आत, मुख्यमंत्र्यांच्या अध्यक्षतेखाली, ‘मिठी नदी विकास व संरक्षण प्राधिकरण’ स्थापन केले. तोवर या नदीला कोणी धनी नव्हता असे मात्र नाही. धनी उदंड होते, आणि प्रत्येकाने आपापल्या हद्दीपुरता कारभार इतका चोख केला, की अखेरीस समग्र नदी अशी कोणाच्याच दप्तरी उरली नाही.

या कारभाराचा आरंभ नदीच्या मुखापासून झाला. 19 व्या शतकाच्या प्रारंभी गव्हर्नर जोनाथन डंकन यांच्या अमदानीत शीव आणि कुर्ला यांच्या दरम्यान खाडीवर बांध घातला गेला. पुढे माहीमच्या खाडीत तरी उलटून माणसे बुडू लागली तेव्हा जमशेटजी जिजीभाई यांच्या पत्नी अवाबाई यांनी, प्रवाशांकडून जकात घेऊ नये या अटीवर, सुमारे दीड लाख रुपये दिले आणि 1845 साली माहीमचा बांधरस्ता खुला झाला. या दातृत्वाला बोल लावण्याचे धारिष्ट्य कोण करील? परंतु भरतीओहोटीची वाट आकसली, हेही तितकेच खरे. त्यानंतर पाण्यासाठी कासावीस झालेल्या मुंबईने नदीच्या शिराकडे दृष्टी वळवली. इंजिनियर हेन्री कॉनिबिअर यांच्या योजनेनुसार विहारचा तलाव 1860 मध्ये सिद्ध झाला, 1891 मध्ये पवईचा. आणि उन्हाळी प्रवाह तलावांत अडकल्यामुळे खालचे पात्र पावसाळ्यापुरते सांडव्याचे पाणी वाहून नेणारा ओढा होऊन बसले. पवईचे पाणी पिण्याच्या योग्यतेचे ठरले नाही, हा त्यातला विनोद.

विसाव्या शतकात विमानतळाच्या धावपट्ट्या वाढल्या तशी नदी त्यांच्या खालून आणि भोवतालून, काटकोनात वळणे घेत, नेण्यात आली. भरतीचे आणि पुराचे पाणी जिथे पसरून विसावत असे त्या वांद्रे-कुर्ल्याच्या खाजणांत 1977 पासून महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाच्या अखत्यारीत भराव घालून कचेऱ्यांचे संकुल उभारण्याची तजवीज झाली. कारखाने, गोठे आणि झोपड्या यांना काठ व्यापायला कोणाचा हुकूमही लागला नाही.

या सर्व खात्यांवर एक वरिष्ठ मुखत्यार असावा म्हणून नवे प्राधिकरण जन्मले खरे. परंतु कामाच्या सोयीसाठी त्याने पहिल्याच खेपेस नदीची वाटणी केली: विहारपासूनचे 11.84 किलोमीटर महानगरपालिकेकडे आणि समुद्राकडील सुमारे 6 किलोमीटर, ज्याने खाजणे भरली त्या महानगर प्राधिकरणाकडे. वरच्या वाट्यातला गाळ पुराबरोबर खालच्या वाट्यात उतरला म्हणजे तो कोणाच्या खात्यावर खर्ची टाकावा, हा प्रश्न त्या वाटणीच्या पोटातच होता.