आयडॉल कलावंतांची निवृत्ती (जपान)

किशोरवयातच निवडून गायन, नृत्य व दूरचित्रवाणीसाठी घडवलेल्या आणि व्यवस्थापन संस्थेशी कराराने बांधलेल्या लोकप्रिय कलावंतांना जपानमध्ये ‘आयडॉल’ म्हणतात. ऐन प्रसिद्धीत हे जीवन सोडून सामान्य आयुष्याकडे वळण्याची ठळक उदाहरणे तेथे १९७० च्या दशकाच्या उत्तरार्धात व १९८० मध्ये घडली. रान, सू व मिकी या तिघींच्या ‘कँडीज’ गटाने जुलै १९७७ मध्ये टोकियोतील हिबिया येथील खुल्या रंगमंचावर, आपल्याला पुन्हा साध्या मुली व्हायचे आहे, असे रडत जाहीर केले आणि ४ एप्रिल १९७८ रोजी कोराकुएन स्टेडियमवर सुमारे ५५ हजार श्रोत्यांचा निरोप घेतला. तथापि रान व सू १९८० मध्येच अभिनयाकडे परतल्या. सू, म्हणजेच योशिको तानाका, यांची शोहेई इमामुरा यांच्या ‘ब्लॅक रेन’ (१९८९) या हिरोशिमाविषयक चित्रपटातील भूमिका विशेष गाजली.

याउलट आयडॉल गायिका मोमोए यामागुची (जन्म १९५९) यांनी ५ ऑक्टोबर १९८० रोजी बुदोकान सभागृहात शेवटच्या गाण्यानंतर पांढरा मायक्रोफोन रंगमंचावर ठेवला आणि अभिनेते तोमोकाझु मिउरा यांच्याशी विवाह केल्यावर त्या रंगमंचावर परतल्या नाहीत. निवृत्तीचा हा निर्णय केवळ पत्नीधर्मासाठी केलेला त्याग ठरवणे अन्यायाचे होईल, कारण वयाच्या चौदाव्या वर्षापासून इतरांनी आखलेल्या आयुष्यात तो त्यांचा सर्वांत स्वतंत्र निर्णय होता. २०१९ मध्ये त्यांच्या गोधडीकामाचे पुस्तक प्रसिद्ध झाले.