मिरजेची अदलाबदल

मालगाडी म्हणजे नुसती वाघिणींची रांग, असे अनेकांना वाटते. मला तिच्यात सातारा-सांगलीचा इतिहास दिसतो. १९१० साली लक्ष्मणराव किर्लोस्करांनी औंध संस्थानात, कुंडल रोड स्टेशनजवळच्या माळावर कारखाना मांडला. लोखंड, कोळसा रेल्वेने यायचा आणि तयार नांगर रेल्वेनेच बाहेर जायचे. पुढे सातारा रोडला कूपर यांचे नांगर होऊ लागले. सांगलीची हळद आणि गूळ तर होतेच.

पण पुणे-मिरज रेल्वे मीटरगेज. मुंबईचा माल पुण्याला ब्रॉडगेजच्या वाघिणीत चढवावा लागे. मिरजेला तर पंढरपूर, लातूरकडून येणारी बार्शी लाइट रेल्वे. तिच्या रुळांत अंतर जेमतेम अडीच फूट! तिकडे जाणारे पोते एका वाघिणीतून काढून दुसरीत टाकायचे, तेही हमालाच्या पाठीवरून. रेल्वेच्या इतिहासात इंजिनांची वर्णने पानेच्या पाने असतात, या पाठींचा उल्लेख मात्र क्वचित. पुणे-मिरज मार्ग १९७१ मध्ये ब्रॉडगेज झाला. पंढरपूर-मिरज त्यानंतर जवळजवळ चाळीस वर्षांनी.

तो झाला नसता तर? २०१६ च्या उन्हाळ्यात लातूर तहानले होते. मिरजेहून दहा वाघिणींत पाच लाख लिटर पाणी भरून गाडी पंढरपूर, कुर्डुवाडीमार्गे निघाली आणि १२ एप्रिलला लातुरात पोहोचली. वाटेत कुठे अदलाबदल नाही. पाणी काही हमालाच्या पाठीवर देता आले नसते. पुढे पन्नास वाघिणी जोडल्या गेल्या आणि त्या गाडीच्या शंभरावर फेऱ्या झाल्या.