आयएल-६ : रिपोर्टवरच्या एका आकड्याचा इतिहास

छत्रपती संभाजीनगरमध्ये ‘घाटी’ म्हणजे काय, हे कुणाला सांगावं लागत नाही. १९५६ साली सुरू झालेलं शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आणि त्याचं रुग्णालय, मराठवाड्यातल्या गोरगरिबांचा आधार. २०२१ च्या दुसऱ्या लाटेत इथल्याच काय, राज्यभरातल्या दवाखान्यांबाहेर थांबलेल्या नातेवाइकांच्या तोंडी एक नवा शब्द आला : आयएल-६. ‘किती आला?’ आकडा मोठा असला की टोसिलिझुमॅब शोधायला पळापळ. आणि त्याचा तर देशभर तुटवडा. हा आकडा आला कुठून, ते आज आपण पाहू.

आयएल-६, म्हणजे इंटरल्यूकिन-६, हा पेशींनी एकमेकींना धाडलेला निरोप. संसर्ग झाला की हे प्रथिन रक्तात वाढतं, ताप येतो, यकृत सीआरपी बनवू लागतं. निरोगी माणसाच्या एक मिलिलिटर रक्तात ते जेमतेम काही पिकोग्रॅम असतं. पिकोग्रॅम म्हणजे ग्रॅमचा एक लाख कोटीवा भाग. इतकं थोडं प्रथिन हजारो प्रथिनांतून पकडायचं कसं? तर प्रतिपिंडाने.

१८९० मध्ये बर्लिनला बेरिंग आणि कितासातो यांनी प्रतिपिंडांची ताकद दाखवली. पुढे आपल्या मुंबईत, परळच्या हाफकिन संस्थेत, घोड्यांच्या रक्तातून सर्पदंशावरचं औषध तयार होऊ लागलं. पण अशा रक्तात नाना प्रकारच्या प्रतिपिंडांची सरमिसळ असते. १९७५ मध्ये केंब्रिजला कोलर आणि मिल्स्टाइन यांनी उंदराच्या प्रतिपिंड बनवणाऱ्या पेशीचा कर्करोगाच्या पेशीशी संयोग घडवला. ती पेशी वाढतच राहते आणि एकाच जातीचं प्रतिपिंड देत राहते. त्याआधी, १९७१ मध्ये, स्वीडनमध्ये एलायझा चाचणी आली होती. १९८६ मध्ये ओसाकाला हिरानो आणि किशिमोतो यांच्या गटाने आयएल-६ चं जनुक वेगळं केलं. या तीन वाटा एकत्र आल्या आणि चाचणी उभी राहिली.

चाचणीत दोन प्रतिपिंडं असतात. एक प्रथिनाला धरून ठेवतं, दुसरं त्याच प्रथिनाला दुसऱ्या जागी चिकटून रंग किंवा प्रकाश देतं. यंत्र तेवढंच मोजतं. संधिवाताच्या काही रुग्णांच्या रक्तातला ऱ्हुमॅटॉइड फॅक्टर या दोघांना परस्पर जोडू शकतो. मग प्रथिन नसतानाही आकडा फुगतो.

आता गंमत पाहा. टोसिलिझुमॅब हेही प्रतिपिंडच. पण ते आयएल-६ ला धरत नाही, पेशीवरचा त्याचा दरवाजा अडवतं. निरोप आत जात नाही, रक्तात साचतो. म्हणून औषध दिल्यावर आयएल-६ चा आकडा वाढू शकतो! नातेवाइकांनी तो पाहून धीर सोडावा, असं त्यात काही नसतं.

आणि हे औषध नेमकं कुणाला द्यायचं? ब्रिटनमधल्या रिकव्हरी चाचणीचे निष्कर्ष मे २०२१ मध्ये लॅन्सेटमध्ये आले. ४,११६ रुग्ण होते. औषध मिळालेल्यांपैकी ३१ टक्के दगावले, न मिळालेल्यांपैकी ३५ टक्के. फायदा झाला, पण मोजकाच. त्यासाठी रुग्ण निवडले होते ते कमी झालेल्या ऑक्सिजनवरून आणि वाढलेल्या सीआरपीवरून. आयएल-६ ची अटच नव्हती.

प्रतिपिंडाने आपल्याला न दिसणारं दाखवलं, हे खरंच. पण उद्या असा रिपोर्ट हातात आला, तर ‘किती आला?’ एवढ्यावर थांबू नये. ‘ऑक्सिजन किती आहे, आणि या आकड्यावरून उपचार बदलणार आहे का?’ हेही डॉक्टरांना विचारावं.